मार्त्सेल यांकोविच आणि हंगेरीची आठवण : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मार्त्सेल यांकोविच कोण होते?

हंगेरीचे अ‍ॅनिमेशन दिग्दर्शक, चित्रकार आणि लोककथांतल्या प्रतीकांचे अभ्यासक. जन्म २१ ऑक्टोबर १९४१ रोजी बुडापेस्टमध्ये, मृत्यू २९ मे २०२१ रोजी. हंगेरीतला पहिला पूर्ण लांबीचा अ‍ॅनिमेशनपट त्यांनी केला. फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात लघुपटाचा सर्वोच्च सन्मान मिळवला, ऑस्करच्या नामांकनापर्यंतही पोचले.

त्यांच्या कामाची यादी पाहताना एक गोष्ट चटकन लक्षात येते. त्यांनी पूर्ण लांबीचे पाच चित्रपट केले आणि पाचांपैकी एकाचीही गोष्ट त्यांची स्वतःची नाही. एक पेतोफीच्या कवितेवर, एक लोककथेवर, एक हंगेरियन लोकांच्या उगमकथेवर, एक मदाचच्या नाटकावर आणि शेवटचा अरान्यच्या वीरकाव्यावर. म्हणजे तिथली मुलं जे शाळेत पाठ करतात किंवा आजीकडून ऐकतात, तेच सगळं. सगळ्यांना ठाऊक असलेली गोष्ट पुन्हा सांगायची आणि तरीही ती कुणी आधी पाहिलेली नसावी, अशी या माणसाची धडपड होती.

नाव नेमकं कसं लिहायचं?

हंगेरीत आडनाव आधी येतं, त्यामुळे तिथल्या श्रेयनामावलीत ‘यांकोविच मार्त्सेल’ दिसेल. इंग्रजी वळणाने ‘मार्सेल’ही लिहिलं जातं. माणूस एकच.

घरची पार्श्वभूमी काय होती? तिचा कामाशी संबंध आहे का?

आहे, आणि बराच आहे. वडील बँकेत मोठ्या हुद्द्यावर होते. हंगेरीत मात्याश राकोशीची स्टालिनवादी राजवट होती तेव्हा, १९५० मध्ये, खोट्या आरोपांच्या एका खटल्यात त्यांना जन्मठेप झाली. पुढच्या वर्षी उरलेल्या कुटुंबाला बुडापेस्टमधून हुसकावून पूर्वेकडच्या सपाट प्रदेशातल्या ओच्योद या गावी पाठवलं. मार्त्सेल तेव्हा दहा वर्षांचेही नव्हते.

ओच्योदवरून आणखी एक गोष्ट आठवते. हंगेरीचा मोठा कवी अत्तिला योझेफ लहानपणी याच गावात एका शेतकरी कुटुंबात सांभाळायला ठेवलेला होता. त्या घरच्यांनी त्याला सांगितलं की अत्तिला असं नावच नसतं, आणि ते त्याला ‘पिश्ता’ म्हणू लागले. पुढे शाळेच्या पुस्तकात हूणांचा राजा अत्तिला भेटला तेव्हा पोराला कोण आनंद झाला! आपण वाङ्मयाकडे वळलो त्याचं मूळ तिथे आहे, असं त्याने स्वतः लिहून ठेवलंय. हूण, नाव आणि ते पुसू पाहणारे लोक हा धागा यांकोविचच्या चित्रपटांत पुन्हा भेटतो. दोघांचा प्रत्यक्ष संबंध काही नाही, पण गाव एकच असावं हा योगायोग मला सोडवत नाही.

१९५५ ते १९५९ ही वर्षं मार्त्सेल पॅनोनहाल्माच्या बेनेडिक्टाइन मठाच्या शाळेत होते. कम्युनिस्ट राजवटीत चालू राहिलेल्या मोजक्या धार्मिक शाळांपैकी ही एक. सोव्हिएत वर्चस्वाविरुद्ध १९५६ चा उठाव झाला तेव्हा ते पंधरा वर्षांचे होते. शाळा संपली आणि ‘वर्गशत्रू’चा मुलगा म्हणून विद्यापीठाची दारं बंद. काही काळ त्यांनी अंगमेहनतीची कामं केली.

मग अ‍ॅनिमेशनमध्ये कसे आले?

१९६० मध्ये बुडापेस्टच्या पॅनोनिया फिल्म स्टुडिओत खालच्या पायरीवरची नोकरी मिळाली. दोन मुख्य चित्रांच्या मधली चित्रं काढत बसायचं काम. हात उचलण्यापासून ग्लास ओठाला लागण्यापर्यंतची सगळी मधली चित्रं. कंटाळवाणं काम, पण हात तयार होतो. कलाशाळेचं तोंड न पाहिलेल्या या माणसाची खरी शाळा तीच.

पाचेक वर्षांत ते दिग्दर्शन करू लागले. योझेफ नेप्प आणि अत्तिला दर्गाई यांच्याबरोबर त्यांनी ‘गुस्ताव’ ही मालिका घडवली. गुस्ताव म्हणजे शहरातला एक सामान्य, थोडासा हुशार, बराचसा बावळट माणूस. शब्द जवळजवळ नाहीतच, त्यामुळे मालिका देशाबाहेरही सहज चालली. राष्ट्राच्या आठवणीशी हिचा काही संबंध नाही. पण कमीत कमी रेषांत माणूस उभा करायची सवय इथली.

पहिला मोठा चित्रपट कोणता?

‘यानोश वितेझ’, १९७३. कवी शांदोर पेतोफीच्या जन्माला दीडशे वर्षं झाली, त्या निमित्ताने हा चित्रपट सरकारी पाठबळावर झाला. पेतोफी म्हणजे १८४८ च्या क्रांतीचा कवी, १८४९ च्या लढाईत सव्विसाव्या वर्षी नाहीसा झालेला. हंगेरीत त्याचं नाव कुणालाही नव्याने सांगावं लागत नाही. ‘यानोश वितेझ’ हे त्याचं १८४४ मधलं कथाकाव्य. मेंढरं राखणारा अनाथ पोरगा प्रेमात पडतो, कळप हरवतो, गाव सोडतो, घोडदळात शिरतो, फ्रान्सच्या राजकन्येला सोडवतो, राज्य नाकारतो आणि शेवटी परीराज्यात आपली मेलेली प्रेयसी परत मिळवतो.

जयंतीनिमित्त सरकारी पैशातून केलेला चित्रपट म्हटल्यावर काय अपेक्षा असते, ते आपल्याला वेगळं सांगायला नको. यांकोविचने केलं भलतंच. पडद्यावर सपाट, झगझगीत रंग, फुलं उमलतात त्यांचे चेहरे होतात, चेहऱ्यांचा सूर्य होतो. पाहणाऱ्यांना बीटल्सचा अ‍ॅनिमेशनपट ‘यलो सबमरीन’ आठवतो, आणि तो आठवण्यात चूक नाही. शेतकऱ्यांच्या रंगीत पेट्यांवरची फुलं आणि साठच्या दशकातली लंडनची पोस्टरं एकाच चौकटीत सुखाने नांदताना दिसतात. राष्ट्रीय कवीला त्यांनी पुतळ्यावरून उतरवलं ते असं.

त्या कवितेत भारत येतो म्हणतात, खरं का?

खरं आहे, आणि फार मजेशीर आहे. पेतोफीचे हंगेरियन घोडेस्वार फ्रान्सला निघतात आणि वाटेत पोलंड ओलांडून भारतात येतात, कारण फ्रान्स आणि भारत यांच्या सीमा एकमेकींना लागून आहेत असं कवी खुशाल सांगतो! भारतात आधी टेकड्या, मग डोंगर, आणि ते वाढत वाढत थेट आभाळाला टेकतात. सूर्य इतका जवळ की दिवसा चालायची सोय नाही.

पेतोफीला भूगोल येत नव्हता असं नव्हे. गावच्या पारावर बसून फुशारक्या मारणाऱ्या जुन्या सैनिकाच्या तोंडचा भूगोल त्याने वापरला. त्या भूगोलात दूरचं सगळं एकमेकाला चिकटलेलं असतं. लोकांच्या स्मृतीत देश कसे मांडलेले असतात, हे यातून जितकं कळतं तितकं नकाशातून कळत नाही.

‘सिसिफस’ आणि ‘कुझ्दोक’ हे लघुपट इतके गाजले का?

‘सिसिफस’ (१९७४) दोनेक मिनिटांचा आहे. पांढरा कागद, काळी शाई, एक माणूस, एक धोंडा, एक चढ. जोर लागतो तिथे रेषा जाड होते, दम सुटतो तिथे केसासारखी बारीक. आवाज फक्त कण्हण्याचा आणि श्वासाचा. ऑस्करचं नामांकन याच लघुपटाला मिळालं.

‘कुझ्दोक’ (१९७७) म्हणजे झुंजणारे. शिल्पकार दगडातून माणूस कोरतो आणि तो दगडी माणूसही हातात छिन्नी घेऊन शिल्पकाराला कोरत जातो. मूर्ती घडत जाते तसा शिल्पकार झिजत जातो. कानमध्ये लघुपटाचा पाम दोर, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार, याला मिळाला आणि पुढच्या वर्षी हंगेरी सरकारने त्यांना कोशुत पुरस्कार दिला. वडिलांना ज्या व्यवस्थेने जन्मठेप दिली, तीच व्यवस्था पोराच्या गळ्यात पदक घालत होती.

दोन्हींत हंगेरी कुठेच दिसत नाही. तरी पुढच्या कामाची किल्ली मला ‘कुझ्दोक’मध्ये दिसते. आपण परंपरा घडवतो म्हणतो तेव्हा परंपराही आपल्याला तासत असते.

‘फेहेरलोफिया’बद्दल एवढं का बोललं जातं?

कारण असा चित्रपट दुसरा नाही. नावाचा अर्थ ‘पांढऱ्या घोडीचा मुलगा’, साल १९८१. १९८४ मध्ये लॉस एंजेलिस ऑलिंपिकच्या निमित्ताने जगातल्या पन्नास उत्तम अ‍ॅनिमेशनपटांची यादी झाली, तिच्यात हा होता. मधली अनेक वर्षं तो हंगेरीबाहेर वाईट प्रतींतूनच फिरत राहिला. अलीकडे ४के प्रतीत जीर्णोद्धार झाला आणि नव्या पिढीने त्याला डोक्यावर घेतलं.

गोष्ट अस्सल लोककथा आहे. विश्ववृक्षाच्या ढोलीत पांढरी घोडी तिसऱ्या मुलाला जन्म देते आणि झाड उपटण्याइतकं बळ येईतो त्याला दूध पाजत राहते. तो झाडं उपटतो, एक भाऊ दगडाचा चुरा करतो, दुसरा लोखंड कणकेसारखं मळतो. वाटेत एक बुटका भेटतो, लांबच लांब दाढीचा, जो त्यांची गरम खीर त्यांच्याच पोटावर ओतून ओरपतो. मग पाताळात उतरणं, तांब्याच्या, चांदीच्या, सोन्याच्या महालांतल्या तीन राजकन्या, तीन राक्षसी सर्प, भावांचा दगा. वर येताना पाठीवर घेऊन उडणाऱ्या ग्रिफिन या पुराणातल्या पक्ष्याला भरवायला काही उरत नाही, तेव्हा नायक स्वतःच्या पायांचं मांस देतो.

आता हे पडद्यावर कसं दिसतं ते सांगणं अवघड. आकृत्यांना काळी बाह्यरेषा नाही. सगळं रंगाने रंगाला भिडून उभं. घोडीचा झोत होतो, झोताचा माणूस होतो, माणसाचा सूर्य होतो आणि कुठे काय बदललं ते कळायच्या आत पुढचं चित्र सुरू झालेलं असतं. तिघे सर्प तर विलक्षणच. तीन डोक्यांचा दगडी, सात डोक्यांचा रणगाड्यांचा आणि तोफांचा, आणि बारा डोक्यांचा म्हणजे लुकलुकणाऱ्या खिडक्यांचं, आकड्यांचं एक अक्राळविक्राळ शहर. पुराणकथेच्या पोटातून विसावं शतक असं अचानक बाहेर येतं आणि तरी ते खटकत नाही.

मूळ कल्पना याहून मोठी होती. फिरून फिरून येणाऱ्या काळावरचा, विश्वचक्राचा चित्रपट यांकोविचला करायचा होता. काळ पुढेच जातो, मागे फिरत नाही, या अधिकृत मार्क्सवादी भूमिकेत ते बसेना, म्हणून आराखडा नाकारला गेला. मग त्यांनी साधी परीकथा करतो म्हणून दाखवलं आणि तेच सगळं तिच्यात आणून ठेवलं : तीन भाऊ म्हणजे दिवसाचे तीन प्रहर, पाताळात उतरणं म्हणजे सूर्याचा अस्त. परीकथेला कात्री लावावी असं कोणत्या अधिकाऱ्याला सुचणार?

मायदेशात मात्र तेव्हा त्याचं फार कौतुक झालं नाही. त्याच वर्षी दर्गाईंचा कोल्ह्याच्या पिल्लाचा ‘वुक’ आला आणि पोरंबाळं तिकडे धावली. साहजिकच होतं म्हणा.

चित्रपट शक-हूणांना अर्पण केलाय. हंगेरियन लोक खरोखर हूणांचे वंशज आहेत का?

चित्रपटाच्या सुरुवातीला सिथियन (म्हणजे आपले शक), हूण, अवार आणि इतर भटक्या जमातींच्या स्मृतीला वंदन आहे. इतिहास म्हणून पाहाल तर गाडी अडते. हंगेरियन भाषा युरालिक कुळातली, फिनिश आणि एस्टोनियनची दूरची नातेवाईक. सायबेरियातल्या खांती आणि मान्सी या भाषा तिच्या सर्वांत जवळच्या. अत्तिलाचे हूण पाचव्या शतकातले, हंगेरियन टोळ्या कार्पेथियन खोऱ्यात आल्या नवव्या शतकाच्या अखेरीस. हूणांशी थेट नातं सांगणाऱ्या कथा मुख्यतः मध्ययुगीन बखरींतून आल्या.

पण मला यांकोविच इथेच सगळ्यांत आवडतात. ‘फेहेरलोफिया’ कोणतीही वंशावळ सिद्ध करायला जात नाही. गवताळ प्रदेशातल्या घोडेस्वारांचं जग एका लोककथेत कसं तगून राहिलं, एवढंच तो दाखवतो. स्मृती आणि इतिहास ही दोन वेगळी खाती आहेत. या चित्रपटात ती वेगळी राहतात. त्यांच्या सगळ्याच चित्रपटांत राहतात असं मात्र नाही.

मग कोणत्या चित्रपटात गडबड झाली?

माझ्या मते ‘एनेक अ चोदासार्वाश्रोल’ (२००२) मध्ये. नावाचा अर्थ, अद्भुत हरिणीचं गाणं. हुनोर आणि मागोर हे दोन भाऊ एका हरिणीचा पाठलाग करतात, ती त्यांना नव्या भूमीकडे नेते आणि त्यांच्यापासून हूण आणि मग्यार (म्हणजे हंगेरियन) निपजतात, ही प्रसिद्ध उगमकथा. चित्रं सुरेख आहेत, अभ्यास दांडगा आहे. पण इथे कथेला शिकवायची घाई झालेली दिसते. टोळ्या, स्थलांतरं, धर्मांतर, सगळं यायलाच हवं, त्यामुळे चित्रपट मध्येच पाठ्यपुस्तकासारखा बोलू लागतो. चित्रांसाठी पाहा.

‘हंगेरियन लोककथा’ ही मालिका त्यांचीच ना?

त्यांचीही. केच्केमेत शहरातल्या स्टुडिओची ही मालिका. तिथले प्रमुख फेरेन्त्स मिकुलाश यांचा पुढाकार, यांकोविचचं सुरुवातीचं दिग्दर्शन आणि पुढेही मार्गदर्शन, मारिया होर्वात आणि इतरांचे असंख्य भाग. १९८० ते २०१२ या काळात एकूण १०० भाग झाले. कलाका या गटाचं संगीत, आणि ग्युला साबो या नटाचं निवेदन, जे ऐकून हंगेरियन माणूस आजही हळवा होतो.

चित्रांची कल्पना साधी पण पक्की. प्रत्येक प्रदेशाचं भरतकाम, रंगवलेलं लाकूडसामान, मातीची भांडी यांवरची नक्षी उचलायची आणि तीच नक्षी हलवायची. वेल वळतो, त्याचा पक्षी होतो, पक्ष्याचं घर होतं. लोककला संग्रहालयात काचेमागे ठेवण्यापेक्षा हे मला कितीतरी बरं वाटतं.

एका चित्रपटाला तेवीस वर्षं लागली म्हणे?

‘अझ एम्बेर त्रागेदियाया’, म्हणजे ‘मानवाची शोकांतिका’. पटकथा १९८३ ची, चित्रकाम १९८८ ला सुरू, प्रदर्शन २०११ च्या अखेरीस. लांबी १६० मिनिटं.

मूळ नाटक इम्रे मदाचचं, १८५९-६० मध्ये लिहिलेलं. १८४८ ची क्रांती चिरडली गेली, क्रांतीचा नेता कोशुत याच्या सचिवाला आसरा दिला म्हणून मदाच स्वतः तुरुंगात जाऊन आला आणि मग त्याने हे लिहिलं. स्वर्गातून हाकललेल्या आदमला सैतान स्वप्नात मानवजातीचा पुढचा सगळा इतिहास दाखवतो. इजिप्त, अथेन्स, रोम, बायझंटियम, केप्लरचं प्राग, फ्रेंच क्रांतीतल्या दाँतोंचं पॅरिस, कारखान्यांचं लंडन आणि त्याहीपुढे. प्रत्येक युगात एक मोठी कल्पना येते आणि नासते. भविष्यातल्या फालान्स्टरमध्ये, म्हणजे सगळं सामायिक असलेल्या आखीव वसाहतीत, माणसांना नावांऐवजी आकडे आहेत, मायकेलअँजेलो आयुष्यभर खुर्चीचे पाय कातत बसलाय. कम्युनिस्ट राजवटीच्या पहिल्या वर्षांत हे नाटक रंगभूमीवरून गायब होतं, त्याचं कारण कळायला हा एक प्रसंग पुरे.

यांकोविचने प्रत्येक युग त्या त्या युगाच्या चित्रशैलीत काढलं. इजिप्त थडग्यांच्या भिंतींवरच्या चित्रांसारखं, अथेन्स ग्रीक रांजणांवरच्या आकृत्यांसारखं. माणसं कशी जगली, हे त्यांनी स्वतःला कसं रंगवलं यातून सांगायचं. लंडनच्या भागात एक प्रचंड आकाशपाळणा फिरतो आणि विसाव्या शतकातले हुकूमशहा त्यातून वर येतात, खाली जातात. मदाचला हे शतक माहीतच नव्हतं. पण त्याच्या नाटकात त्यासाठी जागा होती.

उशीर झाला तो पैशापायी. काम सुरू झालं आणि वर्षभरात राजवट कोसळली. तिच्याबरोबर सरकारी स्टुडिओंचा पैसाही आटला. मग एकेक प्रसंग जमेल तसा पुरा करायचा, स्वतंत्र लघुपट म्हणून दाखवायचा, पुढच्यासाठी पैसे शोधायचे. यातल्या अकरा वर्षांत, १९९६ ते २००७, ते स्वतः पॅनोनियाचे संचालक होते. गंमत म्हणजे २००८ मध्ये एका अमेरिकन मोटार कंपनीने सुपर बोल या अमेरिकन फुटबॉलच्या अंतिम सामन्यातल्या जाहिरातीसाठी ‘सिसिफस’ घेतला आणि ते पैसेही या चित्रपटाच्या कामी आले.

एका बैठकीत पाहायच्या भानगडीत पडू नका. दोन-तीन प्रसंग पाहा आणि थांबा.

त्यांची राजकीय मतं कोणती होती?

ते उघडपणे राष्ट्रवादी, परंपरावादी विचारांचे होते. उजव्या सरकारांच्या काळात राष्ट्रीय सांस्कृतिक निधीचं अध्यक्षपद त्यांच्याकडे होतं. झाड, सूर्य, पंचांगातले सण अशा विषयांवर त्यांनी पुस्तकं लिहिली, त्यांतही जुन्या हंगेरियन जगाची ओढ स्पष्ट दिसते. तिथल्या उदारमतवादी वर्तुळांत याबद्दल नाराजी होती.

चित्रपट पाहताना हे लपवायचं कारण नाही. पण त्यांची चित्रं त्यांच्या मतांपेक्षा मोकळी आहेत, हेही खरं. बीटल्सच्या पोस्टरांपासून ग्रीक रांजणांपर्यंत जे आवडलं ते त्यांनी बिनदिक्कत उचललं. शुद्धतेचा आग्रह धरणारा माणूस असं चित्र काढूच शकत नाही.

शेवटचं काम कोणतं?

यानोश अरान्यच्या वीरकाव्यावरचं ‘तोल्दी’. धाकटा भाऊ अंगाने रेड्यासारखा बळकट, थोरला दरबारी आणि कपटी. हातून माणूस मरतो, धाकटा परागंदा होतो, लांडग्यांशी झुंजतो आणि शेवटी द्वंद्वयुद्ध जिंकून राजाची माफी मिळवतो. काव्याचे बारा सर्ग, म्हणून आधी बारा भागांची मालिका. अरान्य स्वतः निवेदक म्हणून पडद्यावर वावरतो. सहदिग्दर्शक लायोश चाकोविच यांच्यासह केलेलं हे काम पूर्ण लांबीच्या चित्रपटाच्या रूपात २०२२ मध्ये आलं, तेव्हा यांकोविच हयात नव्हते. आधीच्या दोन चित्रपटांच्या मानाने हा हलकाफुलका आहे, मिश्कीलही. ऐंशीला टेकलेल्या माणसाने एवढं खेळकर काम करावं याचं अप्रूप वाटतं.

हंगेरीतले आणखी कोणते अ‍ॅनिमेशनकार पाहावेत?

शांदोर रायझेनब्यूखलर यांचे कातरकामाचे लघुपट, ग्यॉर्ग्य कोवास्नई यांचा रंगात भिजलेला ‘हाबफ्युर्द्यो’, आणि फेरेन्त्स रोफुस यांचा ‘अ लेज’. हा शेवटचा तीनेक मिनिटांचा, सगळा एका माशीच्या नजरेतून, आणि त्याला ऑस्कर मिळाला. सगळे पॅनोनियाच्याच छपराखालचे.

सुरुवात कुठून करावी? मुलांना दाखवता येईल का?

आधी ‘सिसिफस’, दोन मिनिटांचं तर काम. आवडला तर थेट ‘फेहेरलोफिया’, शक्य तितक्या मोठ्या पडद्यावर आणि जीर्णोद्धार केलेली प्रतच. मग ‘यानोश वितेझ’. ‘मानवाची शोकांतिका’ सगळ्यांत शेवटी.

लहान मुलांसाठी लोककथांची मालिका उत्तम. यूट्यूबवर तिची अधिकृत वाहिनी आहे आणि इंग्रजीतले भागही मिळतात. भाषा न कळणाऱ्या पोरांचंही फारसं अडत नाही. ‘फेहेरलोफिया’ परीकथा असली तरी त्यात नग्न आकृत्या आहेत, लैंगिक प्रतीकं आहेत, स्वतःचे पाय कापण्याचा प्रसंग आहे. दहा-बारा वर्षांखालच्या मुलांना दाखवण्याआधी एकदा स्वतः पाहून घ्या.